धुण्याच्या वहीतला एक नाइटगाऊन

प्रिय वैशू,

परवा फोनवर तू विचारलंस की त्या व्हिक्टोरियन रहस्यकथांमध्ये तुला एवढं काय सापडतं, तेव्हा धड सांगता आलं नाही गं, म्हणून आज लिहितेय.

आधी एक खरी गोष्ट ऐक. 1860 चा जून, इंग्लंडमधलं रोड नावाचं खेडं, तिथे केंट म्हणून खाऊनपिऊन सुखी कुटुंब. एका सकाळी त्यांचा धाकटा मुलगा, चार वर्षांचाही नव्हता, बिछान्यात नाही, आणि मग आवारातल्या नोकरांच्या संडासात त्याचं प्रेत सापडलं, गळा चिरलेलं. स्कॉटलंड यार्डातून जोनाथन व्हिचर आला. डिटेक्टिव्ह खातंच मुळी 1842 मध्ये निघालेलं, आठ माणसांचं, त्यातला हा एक. त्याने काय बघितलं तर धुण्याची यादी! सोळा वर्षांच्या सावत्र बहिणीचे, कॉन्स्टन्सचे, नाइटगाऊन तीन, आणि त्यातला एक गायब. त्याने तिला पकडलं पण पुरावा नाही म्हणून ती सुटली, आणि चांगल्या घरातल्या मुलीचे कपडे तपासतो म्हणजे काय, म्हणून सगळे त्याच्यावरच तुटून पडले. 1864 मध्ये तो नोकरीतून बाहेर पडला आणि पुढच्याच वर्षी तिने स्वतःहून कबुली दिली. मला अजून वाईट वाटतं त्याच्यासाठी.

आता विल्की कॉलिन्स या इंग्रज लेखकाची 'द मूनस्टोन' ही कादंबरी घे, 1868 ची. डिकन्सच्या साप्ताहिकात जानेवारीपासून ऑगस्टपर्यंत हप्त्याहप्त्याने आली. हिरा चोरीला जातो, दाराच्या ओल्या रंगाला कोणाचं तरी कापड घासलेलं असतं, आणि तपासाला आलेला डिटेक्टिव्ह सार्जंट कफ काय मागतो? धुण्याची वही! पुढे तो रंग लागलेला नाइटगाऊन सापडतो, त्यावर नाव असतं, कोणाचं ते सांगत नाही, पण मी ते पान वाचून पुस्तक मिटून बसले होते.

मला जे धरून ठेवतं ना ते हेच. भूत नाही, पडका किल्ला नाही, आपल्या घरासारखंच घर, जेवणं वेळेवर, कपडे धुवायला जातायत, आणि त्याच कपड्यांत कोणीतरी काहीतरी लपवलंय. घरातलं सगळं मोलकरणींना आधी कळतं, आणि त्यांचं कोणी ऐकत नाही, हे कॉलिन्सने फार मायेने लिहिलंय, त्यातल्या रोझॅना या मोलकरणीचं पत्र वाचशील तेव्हा कळेल.

माझी प्रत कुरिअर करतेय. सुरुवातीला गोष्ट सांगणारा म्हातारा कारभारी बेटरेज फार पाल्हाळ लावतो, कंटाळून सोडू नकोस, आणि रोझॅनाच्या पत्रापर्यंत पोचलीस की रात्री कितीही वाजलेले असू देत, फोन कर.

तुझी,
मृणाल