गरिबीचा आकडा कोणत्या मापाचा?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

देशात गरिबी किती उरली यावर आपल्या पत्रस्तंभात सध्या चांगलीच जुंपली आहे. एक वाचक जागतिक बँकेचा 5.3 टक्के हा आकडा पुढे करतात, दुसरे नीती आयोगाचा 11.28 टक्के, आणि तिसरे विचारतात की मग 80 कोटी लोकांना फुकट धान्य कशासाठी? तिघेही एकमेकांना खोटे ठरवून मोकळे झाले आहेत. वास्तविक गरिबी म्हणजे काय याची तिघांची कल्पनाच निराळी आहे. वाद आकड्यांचा वाटतो, पण मुळात तो सिद्धांतांचा आहे, आणि त्याबद्दल अजून कोणी अवाक्षर काढलेले नाही.

या प्रश्नाची एक बाजू आपल्याकडे पुण्यातच उभी राहिली. वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ या अर्थतज्ज्ञांनी 1971 साली भारतातील दारिद्र्यावरचा आपला अभ्यास प्रसिद्ध केला. माणशी रोज 2250 कॅलरी मिळतील एवढा खर्च ज्याला झेपत नाही तो गरीब, असे त्यांचे माप होते. त्या मापाने 1960-61 साली खेड्यांतले सुमारे 40 टक्के आणि शहरांतले 50 टक्के लोक गरीब ठरले. गरिबी अशी पोटाशी बांधली की उपायही ठरून जातो: ज्याच्याकडे जमीन नाही, अवजार नाही, त्याच्या हाताला काम द्या. दांडेकर-रथांनी तेच सुचवले होते. नियोजन मंडळाच्या कार्यगटाने 1979 मध्ये खेड्यासाठी 2400 आणि शहरासाठी 2100 कॅलरी धरल्या, 1973-74 च्या भावाने महिन्याला माणशी 49 रुपये 9 पैसे आणि 56 रुपये 64 पैसे अशी रेषा आखली, आणि पुढे कित्येक वर्षे फक्त महागाईचा हिशेब जोडत तीच वर सरकवली.

त्याच पुण्यात पां. वा. सुखात्मे होते. जागतिक अन्न व कृषी संघटनेतली सांख्यिकीची जबाबदारी सांभाळून परतलेले. त्यांचे म्हणणे असे की, एकाच माणसाची अन्नाची गरज दिवसागणिक बदलते, शरीर काही मर्यादेपर्यंत जुळवून घेते, त्यामुळे सरासरीखाली दिसणारा प्रत्येक जण उपाशी धरला तर धडधाकट माणसेही कुपोषितांत मोजली जातात. शिवाय दूषित पाण्याने सतत पोट बिघडत असेल तर खाल्लेले अंगी लागणार कसे? दांडेकरांशी त्यांचा वाद बराच काळ चालला. दोघेही संख्याशास्त्रातले, दोघांपुढे याच देशातल्या पाहण्या. पण एकाचे ऐकले तर सरकारने पैसा धान्य आणि रोजगारावर घालायचा, दुसऱ्याचे ऐकले तर नळ आणि गटारांवर. माझा कल दांडेकरांकडे आहे, पण सुखात्म्यांचा पाण्याचा मुद्दा तेव्हा जितका मनावर घ्यायला हवा होता तितका घेतला गेला नाही, असे मला आजही वाटते.

नोकरीत असताना मी उपभोग खर्चाच्या पाहणीचे तक्ते गावोगाव हिंडून भरले आहेत. तिथे सिद्धांत कसा रकान्यात उतरतो ते बघण्यासारखे असते. सालगडी दुपारची भाकरी मालकाच्या घरी खातो. आमच्या तक्त्यात ती भाकरी मालकाच्या घरातल्या ज्वारीत मोजली जाई, कारण अन्न जिथे शिजले तिथला तो उपभोग, असा नियम. परिणाम असा की कागदावर मालकाचे कुटुंब भरपूर जेवते आणि सालगड्याचे कमी. घरच्या ज्वारीला शेतावरचा भाव लावायचा, दुकानातून आणलेलीला दुकानाचा. ‘तेल महिन्याला किती लागतं?’ असे विचारले की बाई हसायची. रोजच्या रोज पाच-दहा रुपयांचे तेल आणणारीने महिन्याचा हिशेब कुठून सांगावा?

किती दिवसांचे विचारायचे, यावर तर अख्ख्या देशाची गरिबी हलली आहे. 1993-94 च्या पाहणीतून गरिबी 36 टक्के निघाली होती, 1999-2000 च्या पाहणीतून 26. या दुसऱ्या पाहणीत खाद्यपदार्थांसाठी 30 दिवसांच्या प्रश्नाशेजारी 7 दिवसांचाही प्रश्न घातला होता. एका प्रश्नाच्या उत्तराचा दुसऱ्यावर परिणाम झाला, आणि दोन आकड्यांची तुलना करता येते की नाही यावर अर्थतज्ज्ञ वर्षानुवर्षे भांडत राहिले. दरम्यान घोषणा करणारे घोषणा करून गेले.

पुढे गरिबीचे माप तपासायला सरकारने नेमलेल्या सुरेश तेंडुलकर समितीने 2009 मध्ये कॅलरीचा खुंटा सोडला, शिक्षण आणि आरोग्यावरचा खर्च हिशेबात घेतला, आणि 2004-05 ची गरिबी 27.5 वरून 37.2 टक्क्यांवर गेली. पाहणी तीच, माणसे तीच, वर्षही तेच. 2011-12 साठी तेंडुलकर पद्धतीने 21.9 टक्के, तर रंगराजन समितीने 29.5 टक्के सांगितले. नीती आयोगाचे बहुआयामी माप तर पैशाकडे पाहतच नाही. आरोग्य, शिक्षण आणि राहणीमान यांचे 12 निर्देशक आहेत, त्यांत बँक खाते हाही एक. खात्यात शिल्लक किती, हे कोणी विचारत नाही. मजुरी वाढली की घटली याला तिथे जागाच नाही. असे माप हाती असलेले सरकार शौचालये, गॅस जोडण्या आणि खाती मोजणार, हे ओघानेच आले. त्या गोष्टी नकोत असे मी मुळीच म्हणत नाही. शौचालय आले म्हणून मजुरीचा प्रश्न सुटला असे कोणी म्हणू लागले, तर मात्र हरकत घ्यावी लागते.

हे सारे दिल्लीतच राहिले असते तर पत्र लिहायची तसदी घेतली नसती. 1997 मध्ये रेशन ‘लक्ष्याधारित’ झाले. गरिबांना वेगळे काढून मदत दिली की पैसा वाया जात नाही, हा त्यामागचा विचार. महाराष्ट्रात 1999 पासून त्याचे तीन रंग झाले: वर्षाला 15 हजारांपर्यंत उत्पन्न असेल तर पिवळे कार्ड, एक लाखापर्यंत केशरी, त्यावर पांढरे. ज्याचे उत्पन्न 16 हजार तो केशरीत. तमिळनाडूने असली चाळणी लावली नाही, सर्वांना रेशन दिले. आपण मात्र तहसीलदाराच्या दाखल्यासाठी रांगा लावल्या.

सर्वांत खटकते ते आमच्या विद्यापीठांतले चित्र. समाजशास्त्र आणि अर्थशास्त्राच्या प्रबंधांत ‘बीपीएल कार्डधारक’ (दारिद्र्यरेषेखालचे रेशनकार्ड असलेला) म्हणजे गरीब असे सरळ धरून तक्ते मांडलेले मी वाचले आहेत. मार्गदर्शकही सही करून मोकळे! कार्ड हा सरकारी निर्णयाचा परिणाम. तो निर्णय कोणत्या सिद्धांतावर उभा आहे, कोणाला आत घेतो आणि कोणाला बाहेर ठेवतो, हा खरा संशोधनाचा विषय. तोच गृहीत धरला तर संशोधक शासनाच्या यादीची नक्कल तेवढी करतो.

आपल्या वार्ताहरांकडे एकच मागणे आहे. गरिबीचा आकडा छापाल तेव्हा त्याखाली दोन ओळी द्या: माप कोणाचे, वर्ष कोणते, मोजले काय आणि सोडले काय. जागतिक बँकेचा 5.3 टक्के हा आकडा 2022-23 चा, रोजच्या 3 डॉलरच्या रेषेचा, आणि हे डॉलर बँकेत बदलून मिळणारे नसून क्रयशक्तीच्या, म्हणजे तेवढ्या पैशात त्या देशात काय विकत मिळते याच्या हिशेबाचे. एवढे छापायला फार जागा लागणार नाही. राशिभविष्याचा एखादा रकाना आखडता घेतलात तरी भागेल.

आपला,
एक निवृत्त सांख्यिकी कर्मचारी, परभणी