शेकडा नेमका कशाचा?

मा. संपादक,
महोदय,

सातवीच्या मुलांना शेकडेवारीची शाब्दिक उदाहरणे जमत नाहीत, अशी तक्रार आमच्या खानापूर भागातील पालक वरचेवर करतात आणि शिकवणी लावून मोकळे होतात. गणित शिकवण्यात आयुष्य गेल्यामुळे सांगते, मुलांचा गुणाकार-भागाकार फारसा चुकत नाही. शेकडा कशाचा काढायचा, हे वाचतानाच निसटते.

परवा शेजारची मुलगी वही घेऊन आली. साडीची किंमत 20 टक्क्यांनी वाढून 600 रुपये झाली, तर मूळ किंमत किती, असे उदाहरण होते. तिने 600 चे 20 टक्के, म्हणजे 120, वजा करून 480 या उत्तराखाली दोन रेघाही मारल्या होत्या. चूक न दाखवता मी तिला फक्त ताळा करायला सांगितले. 480 वर 20 टक्के चढवल्यावर 576 आले, तेव्हा ती थबकली. वाढ जुन्या किमतीवर झाली, म्हणजे 600 हे जुन्या किमतीचे 120 टक्के, हे तिचे तिलाच उमगले आणि तिने 500 लिहिले.

इथे गणिताइतकेच मराठीही लागते. किंमत 20 टक्क्यांनी उतरली, तर शंभराची वस्तू 80 रुपयांना मिळते. 20 टक्क्यांवर उतरली, तर 20 रुपयांना. एका प्रत्ययाने उत्तर फिरते, आणि सूत्र पाठ करून घेणाऱ्या शिकवणीत प्रत्यय कोण बघतो? बेळगावातील दुकानांच्या कन्नड पाट्यांवरही सवलतीच्या आकड्याआधी ‘शे.’ म्हणजे शेकडाच असतो, तेव्हा शब्द मुलांना परका नाही.

ऊसवाल्या घरांत तर उताऱ्याची, म्हणजे उसातून किती साखर निघते याची, चर्चा रोजचीच. उतारा 10.25 टक्के म्हणजे टनामागे 102.5 किलो साखर. तो 11.25 झाला की आपण ‘एक टक्का वाढला’ म्हणतो. प्रत्यक्षात साखर 10 किलोने, म्हणजे आधीच्या साखरेच्या जवळजवळ पावणेदहा टक्क्यांनी वाढलेली असते. (मोठी माणसेही इथे अडखळतात.) असे उदाहरण वर्गात घेतले, तर कोणत्या राशीचे टक्के, हा प्रश्न मुले आपणहून विचारतील.

शिक्षकांना विनंती एवढीच, की आकडेमोडीआधी ‘100 टक्के म्हणजे काय’ ही ओळ मुलांकडून लिहून घ्यावी आणि चाचणीत त्या ओळीला व ताळ्याला वेगळे गुण ठेवावेत.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका,
खानापूर तालुका, जि. बेळगाव