सात नावांतलं एक नाव

प्रिय मन्या,

तुझा मेसेज येऊन आठवडा झाला, रिप्लाय राहिला कारण रोज रात्री एपिसोडचे डायलॉग देऊन देऊन डोकं बधिर होतं. पण तू लिहिलंस ना की सिरीयलच्या टायटलमध्ये माझं नाव शोधायला तुला तीनदा पॉज करावं लागलं, ते डोक्यातून जाईना, म्हणून हे पत्र.

आपण तो इटालियन 'बायसिकल थीव्हज' किती वेळा बघितला असेल? आणि दरवेळी दिग्दर्शक म्हणून डी सिका डी सिका करत बसलो, फार तर लेखक झावात्तिनी. परवा परत लावला तर पटकथेला सात नावं आहेत रे! त्यात बाई एकच, सूसो चेक्की दामिको. जन्म १९१४, रोमची, वडील मोठे लेखक-समीक्षक. आधी सरकारी ऑफिसात नोकरी, मग भाषांतरं, त्यात नवऱ्याला टीबी, तो उपचारांना स्वित्झर्लंडला आणि इकडे पोरं सांभाळून घर चालवायचं हिने. १९४६ पासून सिनेमे लिहायला लागली ती काय कलेची तळमळ वगैरे नसणार, महिन्याचा खर्च भागला पाहिजे हेच असणार, असं आपलं मला वाटतं.

आता तो शेवट आठव. स्टेडियमबाहेर सायकलींची रांगच्या रांग, स्वतःची सायकल चोरीला गेलेला बाप फुटपाथच्या कडेला बसलाय, उठतो, परत बसतो, पोराला ट्रामने जा म्हणतो आणि एका दारापाशी टेकवलेली सायकल उचलतो. लगेच पकडला जातो, लोक थोबाडीत देतात, आणि पोरगं ट्राम चुकवून तिथेच उभं, बापाची पडलेली टोपी उचलून झटकतं. शेवटी त्यानेच चोर व्हायचं ही आयडिया सूसोची होती असं म्हणतात. सात जणांत कुणाचं काय होतं हे कसं ठरवणार म्हणा, आमच्याकडे तिघांतच ठरत नाही!

आणि हीच बाई दहा वर्षांनी, १९५८ ला, 'बिग डील ऑन मॅडोना स्ट्रीट' लिहिणाऱ्यांत आहे. त्यात चोर रात्रभर खपून भलतीच भिंत फोडतात, निघतात कुठे तर त्याच घराच्या स्वयंपाकघरात, मग काय, तिथला पास्ता आणि छोले खात बसतात. मी हसून हसून मेलो.

दिग्दर्शक विस्कोंतीचे 'रोको', 'लेपर्ड' हे सिनेमे पण तिने लिहिलेत, एकटीने नाही, तिथेही जोडीला बाकीचे आहेतच. 'लेपर्ड' ज्या कादंबरीवरून केला ती तर त्यातला नायक, तो म्हातारा, मरतो त्याच्याही पुढे जाते, यांनी पार्टी संपल्यावर म्हाताऱ्याला एकट्याला रस्त्यावर सोडला आणि सिनेमा संपवला, पुढची सगळी पानं गाळून. पानं गाळायला काय जिगर लागते ते मला विचार. 'रोमन हॉलिडे'वर पण हात फिरवला होता, तिथे तर नावच नाही. शंभराच्या वर सिनेमे, १९९४ ला व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलला कारकिर्दीसाठी गोल्डन लायन, २०१० ला गेली, ९६ ची होऊन.

मॅडोना स्ट्रीट बघ आणि फोन कर, पण दहाच्या आत, नंतर मला उद्याचे सीन द्यायचेत.

तुझाच,
बंड्या