योसेफोव्हमधल्या त्या सगळ्यांचे आभार

प्रागची जुनी ज्यू वस्ती, योसेफोव्ह, आईला नीट पाहता आली ती अनोळखी माणसांमुळे. त्यांची नावं ठाऊक नाहीत, म्हणून हे जाहीर आभार.

आधी आमच्या गाइडताईंचे. जुन्या दफनभूमीत जागा संपली तसे मातीचे थर चढवत पुरावं लागलं, म्हणून शिळा अशा एकमेकींना खेटून उभ्या आहेत, हे त्यांनी जराही घाई न करता सांगितलं. सर्वांत जुनी शिळा १४३९ सालची!

पिंकास सिनेगॉगच्या (ज्यूंच्या प्रार्थनास्थळाच्या) भिंतींवर नाझींनी मारलेल्या बोहेमिया-मोराव्हियातल्या, म्हणजे आजच्या चेक प्रजासत्ताकातल्या, सुमारे ७८,००० ज्यूंची नावं आहेत. कम्युनिस्ट राजवटीत ती नाहीशी झाली, १९९० च्या दशकात पुन्हा लिहिली गेली. अक्षरन् अक्षर नव्याने लिहिणाऱ्या त्या हातांचे तर फार मोठे आभार. आई तिथून हलेना, तेव्हा अख्खा गट कुरकुर न करता थांबला.

वरच्या मजल्यावर तेरेझीनच्या नाझी छावणीतल्या मुलांनी काढलेली चित्रं आहेत. तिथवर जिन्यात आईला हात देणाऱ्या मुलाला खूप आशीर्वाद. आणि ‘जुनं-नवं सिनेगॉग’ नावाच्या सिनेगॉगच्या दारात, आत पुरुषांना डोकं झाकावं लागतं म्हणून, बाबांना स्वतःजवळची जादा टोपी देणाऱ्या आजोबांनाही आमच्या घरच्या सगळ्यांचा नमस्कार.