गृहमंत्री महोदय, संरक्षणाचा आदेश पोलीस ठाण्यात येऊन अडतो

प्रति,
मा. गृहमंत्री,
महाराष्ट्र राज्य

महोदय,

आंतरजातीय आणि आंतरधर्मीय लग्नं केलेल्या जोडप्यांची प्रकरणं मी वकील म्हणून चालवते. घरच्यांच्या धमक्यांपासून पोलीस संरक्षण द्या, असा न्यायालयाचा आदेश बहुतेक वेळा मिळतो. पुढचं सगळं तुमच्या खात्याच्या हातात असतं, आणि तिथंच माणसं एकटी पडतात.

आदेश घेऊन जोडपं ठाण्यात जातं. ठाणे अंमलदार विचारतात, "सर्टिफाइड कॉपी कुठंय? ही तर वेबसाइटवरची प्रिंट." मग हद्द निघते: राहता इकडे, धमक्या तिकडून, तर तिकडच्या ठाण्यात जा. आवकचा शिक्का मिळेपर्यंत दुपार जाते. एकदा तर आम्ही बाकावर बसलेलो असतानाच आतून मुलीच्या वडिलांना फोन गेला, "तुमची मुलगी इथं आलीय, येऊन समजूत काढा." मुलगी सज्ञान, लग्न नोंदणीकृत, उच्च न्यायालयाचा आदेश हातात. थोड्याच वेळात ठाण्याच्या दारात दोन जीपा येऊन थांबल्या. ज्यांची भीती म्हणून पोलिसांकडे गेलो, त्यांना आमचा ठावठिकाणा पोलिसांनीच कळवला होता. त्या मुलीनं माझा हात किती घट्ट धरला होता, ते मी विसरू शकत नाही.

'शक्ती वाहिनी' या संस्थेच्या याचिकेवर २७ मार्च २०१८ ला दिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने याबाबत काही मोघम ठेवलेलं नाही. प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि चोवीस तासांची हेल्पलाइन. धमकीच्या तक्रारीची प्राथमिक चौकशी अपर पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडे, आणि आठवड्याभरात अहवाल अधीक्षकांच्या टेबलावर. गरज पडल्यास जोडप्याला सुरक्षित निवाऱ्यात हलवावं, हेही त्यात आहे. महाराष्ट्राचं परिपत्रक निघालं डिसेंबर २०२४ मध्ये, तेही उच्च न्यायालयाने पाठपुरावा केल्यावर. पावणेसात वर्षं गेली त्यात. आता कागदावर कक्ष आहेत, ११२ क्रमांक आहे. पण ठाण्यातल्या हवालदाराला विचारलं, तर जिल्ह्याचा विशेष कक्ष कुठं बसतो हे त्याला सांगता येत नाही.

दुसरी गोष्ट मागे राहिलेल्या कुटुंबांची. जोडपं पुण्या-मुंबईत कुठंतरी लपतं. मुलाचे आईवडील, लहान बहीण गावातच असतात आणि राग त्यांच्यावर निघतो. माझ्या एका अशिलाच्या वडिलांची पिठाची गिरणी आहे. लग्नानंतर गावानं दळण टाकणंच बंद केलं. रात्री दारावर दगड पडायचे. तक्रार द्यायला गेले तर उत्तर मिळालं, "आदेशात नाव त्या दोघांचंच आहे." वास्तविक २०१८ च्या निकालात जोडप्याबरोबर कुटुंबाच्या सुरक्षेचाही स्पष्ट उल्लेख आहे, आणि दळण बंद करणाऱ्यांसाठी २०१६ चा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा आपल्याच विधिमंडळाने केलेला आहे. १ जानेवारी २०१३ ला नेवासा तालुक्यातल्या सोनईत एका मुलाच्या प्रेमसंबंधाच्या रागातून तिघांचा जीव गेला. उरलेल्या दोघांचा दोष एवढाच, की ते त्याच्यासोबत होते. संरक्षण दोघांपुरतं मोजणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावं.

जिथं अधिकारी मनावर घेतात तिथं काम होतं, हेही मी पाहिलंय. एका महिला उपनिरीक्षकांनी स्वतःचा मोबाईल नंबर जोडप्याला दिला आणि रात्री अकरालाही उचलला. पण चांगला अधिकारी मिळणं नशिबावर सोडता येणार नाही. आणि संरक्षणाला नेमलेला शिपाईही गणपतीच्या बंदोबस्ताला उचलला जातो. बदली कुणी येत नाही.

माझी मुख्य मागणी एकच आहे. त्याच निकालात म्हटलंय, की निर्देश न पाळणं ही हेतुपुरस्सर हयगय किंवा गैरवर्तन मानावं, विभागीय कारवाई करावी आणि ती शक्यतो सहा महिन्यांत तडीस न्यावी. या निर्देशाखाली २०१८ पासून महाराष्ट्रात किती अधिकाऱ्यांवर कारवाई सुरू झाली, किती पूर्ण झाली, काय शिक्षा झाली, ते जिल्हावार जाहीर करा. आकडा शून्य असेल तर शून्य जाहीर करा. सोबत एक लेखी सूचना काढा: आदेशाची प्रत, वेबसाइटवरची का असेना, ठाण्यात येताच स्टेशन डायरीत नोंद, त्याच दिवशी जबाबदार अधिकाऱ्याचं नाव आणि नंबर लेखी, आणि जोडप्याच्या संमतीशिवाय घरच्यांना फोन नाही.

यासाठी नवा कायदा लागत नाही, अधिवेशनाची वाटही पाहावी लागत नाही. पोलीस महासंचालकांना एक पत्र पाठवलं तरी पुरे. ते कधी पाठवता, हे कळवावं.

आपली,
जिल्हा न्यायालयात वकिली करणारी एक नागरिक