फलकाच्या खांबाला दोर आणि कॅन टांगा

संपादक महोदय,

परीक्षा संपल्या की सांगली-कोल्हापूरकडची कॉलेजची पोरं नदी गाठतात. गाठावीच, एकमेकांना पोहायला शिकवताना जमते तशी दोस्ती वर्गात जमत नाही. 'पोहण्यास मनाई' वाचून कुणी माघारी फिरत नाही, आणि धोका नेमका कुठं आहे हे तो फलक सांगत नाही.

सगळ्यात वाईट जागा कोल्हापूर पद्धतीचा बंधारा. पावसाळा सरला की खांबांच्या खाचांत बर्गे, म्हणजे आडव्या फळ्या, घालून पाणी अडवतात. वरच्या अंगाला पाणी तळ्यासारखं संथ दिसतं, म्हणून पोरं तिथंच उतरतात. पण एखादा बर्गा निसटलेला असला तर त्या फटीकडं पाणी जोरात ओढतं. पाय अडकला की पट्टीचा पोहणाराही सुटत नाही. खाली पाणी सांडत असेल तर ते भिंतीपाशी उलटं फिरतं आणि बाहेर निघणाऱ्याला पुन्हा आत खेचतं. दोन्ही अंगांनी शंभर पावलं लांब राहावं.

वाळू उपशाचे खड्डे वरून दिसत नाहीत. गुडघाभर पाण्यातलं पुढचं पाऊल थेट डोहात पडतं. काठीनं तळ चाचपूनच पुढं सरकावं.

आभाळ कोरडं असलं तरी कोयनेतून पाणी सुटलं की कृष्णा चढते. उतरताना पाण्याच्या कडेला काटकी रोवावी. ती पाण्यात गेली की सगळे बाहेर.

नवख्याला भोपळा, पांगिऱ्याच्या हलक्या लाकडाचा बिंडा किंवा हवाबंद डबा पाठीवर घट्ट बांधावा. गाठ सैल राहिली तर तो बगलेत सरकतो आणि तोंड पाण्यात जातं.

कुणी बुडू लागला तर जिवलग मित्रच आधी उडी घेतो आणि बुडणारा त्याच्याच गळ्याला मिठी मारतो. त्यापेक्षा पाच लिटरचा झाकणबंद कॅन 15 मीटर दोराला बांधलेला हवा. कॅनमध्ये दोन बोटं पाणी ठेवावं; रिकामा कॅन वाऱ्यावर भरकटतो. तो बुडणाऱ्याच्या खांद्यावरून पलीकडं फेकावा, म्हणजे दोर हाताशी येतो. काठावरच्यानं दोर मनगटाला गुंडाळू नये. बाहेर काढल्यावर उलटं टांगणं, पोट दाबणं नको. श्वास नसेल तर आधी तोंडानं श्वास द्यावा, मग छातीवर 30 दाब आणि 2 श्वास असं चालू ठेवावं; दुसऱ्यानं तोवर 108 लावावा.

ग्रामपंचायतींनी हा कॅन आणि दोर फलकाच्याच खांबाला टांगावा. म्हैस बांधायला कुणीतरी दोर सोडून नेईलच. तेव्हा नवा बांधावा.

– कृष्णाकाठचे काही पोहणे-प्रशिक्षक, सांगली