मंदावतीचा हिशेब

ती. बाबा आणि ती. आईस,
शि. सा. नमस्कार.

तुम्ही छोटीसाठी लिहिलेल्या मंदावतीच्या, म्हणजे जिच्यात काळ मंद चालतो त्या नदीच्या, गोष्टीचे तीन भाग वाचले. नदी झकास जमली आहे, पण तिचा काळ पानागणिक बदलतो. कुठे एका रात्रीत दहा वर्षं जातात, कुठे दोनच दिवस. छोटीचे प्रश्न उगवतात ते तिथेच. आधी एक प्रमाण ठरवा आणि शेवटपर्यंत ते मोडू नका. माझं मत विचाराल तर नदीत एक प्रहर गेला की काठावर एक दिवस. प्रहर 3 तासांचा, दिवसाचे प्रहर 8, म्हणजे नदीतला काळ आठपट मंद. पुराणातली रेवती आणि तिचे वडील ब्रह्मलोकातून परततात तोवर 27 चतुर्युगं उलटलेली असतात. तिथे ते शोभतं, कारण परतल्यावर ओळखीचं कुणी भेटायचंच नसतं. तुमच्या नावाड्याला मात्र घरची माणसं भेटायला हवीत. आठपट पुरे.

आई, दुसऱ्या भागात नावाडी आठ दिवसांनी लांब पांढरी दाढी घेऊन येतो, ते उलटं झालंय. मंद काळात तोच होता. त्याच्या हनुवटीवर एका दिवसाची खुंटं असतील आणि भूकही एका दिवसाचीच. नावेतल्या दिव्यात रात्रभराचं, 4 प्रहरांचं तेल असेल तर काठावरच्यांना तो 4 दिवस तेवताना दिसेल. घटिकापात्र, म्हणजे बुडाला बारीक भोक असलेली वाटी, एरवी 24 मिनिटांत बुडतं. नदीत तरंगत सोडलेलं काठावरच्या घड्याळाने 3 तास 12 मिनिटांनी बुडेल. वेळ सांगायला हे पात्र वापराच, गोष्टीत ते छान दिसेल.

हाकांचं प्रकरण सगळ्यात मजेचं. आठपट म्हणजे बरोबर तीन सप्तकं. काठावरून आईने 240 हर्ट्झच्या सुरात मारलेली हाक नदीत 1920 हर्ट्झला पोचेल. म्हणजे शब्द नाही, नुसता चिवचिवाट, आणि तोही एक अष्टमांश वेळात संपलेला. उलट दिशेने त्याहून वाईट. नावाड्याचा आवाज 120 हर्ट्झचा धरला तर काठावर त्याचा मूळ सूर 15 हर्ट्झ होतो, आणि माणसाचा कान 20च्या खाली ऐकत नाही. तेव्हा तिसऱ्या भागातला ‘अहो, ऐकलंत का’ हा संवाद कापा. त्याच्या हाती शिट्टी द्या. 2400 हर्ट्झची शिट्टी काठावर 300 हर्ट्झची होते, कुणी हुंकार देत असल्यासारखी. एका सेकंदाची फुंकर, आठ सेकंदांचा हुंकार.

बाबा, पाण्याचा हिशेब तुमच्याकडे. वरून नदी सेकंदाला 1 मीटर वेगाने येते आणि मंद पट्ट्यात शिरताच काठावरून बघणाऱ्याला ती 12–13 सेंटिमीटरने सरकताना दिसते. येणारं पाणी तेवढंच, जाणारं एक अष्टमांश, गाव बुडणार! यातून सुटायचं तर पात्र आठपट मोठं हवं. 50 मीटर रुंद, 2 मीटर खोल नदी तिथे 400 मीटर रुंद करा, नाहीतर 16 मीटर खोल. मी डोह निवडला असता. खोल, काळा, न हलणारा; गोष्टीला तो हवाच होता.

सगळ्यात जास्त चुका काठाशी होतात. काळ एका रेघेवर बदलत असेल तर पाय धुवायला बसलेली बाई संकटात. हृदय मिनिटाला सुमारे 5 लिटर रक्त ढकलतं, पण पायांत गेलेलं रक्त आठपट सावकाश परततं. थोड्याच वेळात तिला भोवळ येईल. नावेचंही तेच. नाळ, म्हणजे नावेचं पुढचं टोक, शिरताच मंदावते, मागचा भाग जुन्या वेगाने येतो आणि फळ्या फुटतात. म्हणून रेघ नको, उतार हवा. पाण्याच्या आधी 100 पावलांचा पट्टा ठेवा आणि दर पावलाला काळ साधारण 2 टक्क्यांनी मंद होऊ द्या. शंभराव्या पावलाला आठपट होतं आणि अंगाला काही जाणवत नाही. पावलं मोजायचा खेळ छोटीला आयताच मिळेल.

उजेडाला मात्र हात लावू नका. काटेकोर बघायचं तर नदीतल्या दिव्याचा प्रकाश काठावर अवरक्त होऊन पोचेल आणि डोळ्यांना दिसणारच नाही. एक ओळ टाका, ‘उजेडाला नदीचा नियम लागू नाही’, आणि पुढे चला.

बाबांनी विचारलं होतं, यातलं खरं किती. उताराची कल्पना खरी आहे, प्रमाण नाही. जमिनीकडे जावं तसा काळ खरोखर मंदावतो. 2010 साली अमेरिकेत दोन अणुघड्याळांत 33 सेंटिमीटर उंचीचा फरक ठेवून हे मोजलं गेलं. 1 किलोमीटर उंचीच्या फरकाने दिवसाला साधारण 9 अब्जांश सेकंद इतका फरक पडतो. म्हणजे डोंगरातून समुद्राकडे जाणारी प्रत्येक नदी थोडी मंदावतीच. आणि वस्तू पडतात त्याही काळ मंद असलेल्या बाजूकडेच. आठपट फरक खराच असता तर काठ, झाडं, गाव सगळं नदीत ओढलं गेलं असतं. हे छोटीला सांगू नका, झोपायची नाही.

चौथा भाग पाठवाल तेव्हा डोहाची खोली आणि शिट्टी एवढं आधी पाहीन.

तुमची,
लेक